दिवे कमी करा, माणसं कमी करू नका

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. ठाण्यात तीन दिवसांचा लघुपट करायचाय. दोन दिवस घोडबंदर रोडवरच्या एका टॉवरमध्ये, अठराव्या मजल्यावरच्या वन बीएचकेत, आणि तिसरी रात्र येऊरच्या रस्त्यावर. दिवे सगळे एलईडी. सामान भाड्याने देणारा म्हणतो की एक गॅफर (लाईटवाल्यांचा प्रमुख), चार लाईटमन, एक ग्रिप (ट्रॉली-क्रेन सांभाळणारा) आणि कॅमेऱ्याबरोबर दोन अटेंडंट घ्यावे लागतील. तुमचं म्हणणं असं की एलईडी हलके असतात, फोनवरच्या अॅपवरून चालतात, आम्ही आठ मित्र आहोत, आम्हीच उचलू. मग एवढ्या माणसांवर खर्च कशाला?

माझं उत्तर सरळ आहे. यादीतले अर्धे दिवे काढून टाका. माणसांमधली दोन-तीन कमी करता येतील, कुठली ते पुढे सांगतो, पण सगळी काढू नका. मी २००१ पासून या कामात आहे. पहिली बारा वर्षं लाईटमन होतो, त्यानंतर गॅफर. राहायला कळव्यात, त्यामुळे घोडबंदरच्या मालिकांचे सेट, रबाळे-महापेच्या बंद कारखान्यांतली शूटिंगं आणि ठाण्यातले असे छोटे फ्लॅट यांतच माझं बरंचसं आयुष्य गेलं. तुमच्यासारख्या मुलांनी दोन-तीन वेळा माणसांचा खर्च वाचवला आणि तिसऱ्या दिवशी शॉट सोडून द्यायची पाळी आली, हे मी जवळून पाहिलंय. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

एलईडीने आमचं काय वाचवलं ते आधी मान्य करतो. मी सुरुवात केली तेव्हा पाच हजार वॉटचा टंगस्टन उचलायला दोघं लागायची. तो दिवा २३० व्होल्टवर २२ अँपिअरच्या आसपास ओढतो, म्हणजे घरातल्या कुठल्याही सॉकेटचं ते काम नव्हे. उजेड अडवणाऱ्या त्याच्या झडपांना हातमोज्याशिवाय हात लावला की कातडी निघायची. आज ३०० वॉटचा एलईडी जुन्या एक हजारच्या टंगस्टनपेक्षा जास्तच उजेड देतो, एका हाताने उचलता येतो आणि भिंतीतल्या प्लगवर चालतो. वजन गेलं, उष्णता गेली, हे खरंच. पण आमच्या कामाचा मोठा भाग दिवा पेटल्यानंतर सुरू होतो, आणि त्यात अजून काही बदललेलं नाही.

तुमच्याच गोष्टीतल्यासारखा एक साधा शॉट घ्या. दुपारचे तीन. आई खिडकीपाशी बसून भाजी निवडतेय. मुलगी दारातून आत येते आणि तिच्यापर्यंत चालत जाते. खोली १० बाय ११. अठराव्या मजल्यावर खिडकीबाहेर दिवा लावता येत नाही, ग्रिलला बाहेरून काही बांधायचा तर विचारही करू नका. म्हणजे दिवा आतच, खिडकीच्या बाजूला उभा राहणार. आई दिव्यापासून तीन फुटांवर, मुलगी दारात नऊ फुटांवर. अंतर तिप्पट झालं की उजेड नवव्या हिश्शावर येतो, म्हणजे तीन स्टॉपपेक्षा जास्त फरक (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा किंवा दुप्पट). आईचा चेहरा बरोबर ठेवला तर मुलगी दारात काळीठिक्कर. मुलगी दिसावी म्हणून दिवा वाढवला तर आईचं कपाळ पांढरं फटक. अॅपवरून उजेड कमी-जास्त करून यातलं काहीच सुटत नाही, कारण दिवा एकच आहे आणि माणसं दोन.

मग आम्ही काय करतो? दिवा आईवर थेट न मारता छताच्या आणि भिंतीच्या कोपऱ्यात पांढऱ्या शीटवर मारतो. त्यामुळे उजेडाचा उगम मोठा होतो आणि थोडा मागे सरकतो, फरक कमी होतो. तरीही आई जवळच आहे, म्हणून तिच्या बाजूने शीटसमोर नेट, म्हणजे थोडा उजेड खाणारी जाळी येते, सिंगल नेट अर्धा स्टॉप खाते, डबल एक स्टॉप. आता नवीन भानगड. तुमच्या फ्लॅटच्या भिंती बिल्डरने दिलेल्या पांढऱ्या रंगाच्या. शीटवरून आलेला उजेड चारी भिंतींवर आपटून परत फिरतो आणि आईच्या चेहऱ्याची दुसरी बाजूही उजळते. दुपारच्या घरातली जी शांत सावली तुम्हाला हवी होती ती गेली. मग स्वयंपाकघराच्या बाजूला काळा कपडा ताणायचा. भिंतीच्या वरच्या भागावर उजेड नको म्हणून वरून एक कटर, म्हणजे उजेड अडवणारी काळी फ्रेम. कपाटाच्या सनमायकात दिवा दिसतो, त्याला दुसरा कटर. फरशी गुळगुळीत, तिच्यात स्टँडचे पाय चमकतात, त्यावर चटई.

हे सगळं करताना खोलीत कोण असतं पाहा. एक जण आईच्या जागी बसतो, म्हणजे कलाकाराला तिष्ठत बसवावं लागत नाही. एक जण दिव्यापाशी, एक कटर-नेटच्या स्टँडवर. मी कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहून दोन शब्दांत सांगतो, "वरून काट. थांब. चार बोटं खाली." सरावलेली माणसं असली की हा सेटअप वीस मिनिटांत उभा राहतो. इतक्यात ढग येतो, खिडकी काळवंडते, कॅमेरामन अर्धा स्टॉप मागतो. माझा माणूस टेक चालू असतानाही नेटच्या दांडीवर हात ठेवून उभा असतो.

तुमचे मित्र कष्टाळू असतील, यात मला शंका नाही. पण टेक सुरू झाला की ते शॉट बघतात, कारण सिनेमा त्यांचा आहे. लाईटमन त्या वेळी सावली बघतो. मुलगी चालताना तिची सावली आईच्या तोंडावरून जाते का, बूमची, म्हणजे लांब काठीवरच्या माइकची सावली भिंतीवर डोकावते का, एवढंच त्याच्या डोळ्यांपुढे असतं. ही नजर यायला वर्षं लागतात. तुमच्या तीन दिवसांत ती कुणाला शिकवता येणार नाही.

थोडं जुनं सांगतो, कारण दिवे आणि माणसं यांचा हिशोब यात चांगला कळतो. सत्यजित राय यांच्या १९५६ सालच्या 'अपराजितो'साठी बनारसच्या वाड्याचा सेट कलकत्त्यात स्टुडिओत उभारला गेला, तेव्हा त्यांचे कॅमेरामन सुब्रत मित्र यांनी चौकातल्या उजेडाला सावल्या नकोत म्हणून वर पांढरं कापड ताणलं आणि दिवे खालून त्यावर मारले. आपण आज रोज करतो ते हेच. आणि गुरुदत्त यांच्या १९५९ सालच्या 'कागज़ के फूल'मध्ये कॅमेरामन व्ही. के. मूर्ती यांनी स्टुडिओच्या अंधारात उन्हाचा जो झोत आणला, तो मोठ्या आरशांवरून आणला. सूर्य एकच दिवा, आणि तो फुकट. पण तो ताशी १५ अंश सरकतो, म्हणजे चार मिनिटांत एक अंश. आरसा हलवला नाही तर ५० फुटांवर पडलेला झोत तेवढ्यात जवळजवळ १० इंच सरकतो. मी आउटडोअरला आरशामागे तासन्‌तास उभा राहिलोय, त्यामुळे ते दृश्य पाहताना मला आधी आरसा धरणारा माणूस दिसतो.

आता तुमच्या जागेबद्दल. जमत असेल तर अठरावा मजला सोडा. घोडबंदरचे टॉवर मालिकांना चालतात कारण त्यांचं घर स्टुडिओत बांधलेलं असतं, वर पाईपांची जाळी असते आणि दिवे तिथे टांगलेले असतात. खऱ्या टॉवरमध्ये सामान वर नेण्यातच तुमचा पहिला तास जाईल, सोसायटी एकच लिफ्ट देईल, आणि संध्याकाळी सातनंतर शेजारची तक्रार येईल. नौपाड्यात, पाचपाखाडीत किंवा कळव्यात जुन्या चार मजली इमारतीत पहिल्या मजल्यावरचं घर शोधा. खाली अंगणात उंच स्टँडवर एक दिवा उभा केला की तो खिडकीतून आत येतो, पंधरा फुटांवरून येतो, आणि मघाचा तिप्पट अंतराचा प्रश्न आपोआप मिटतो. पंधरा फूट आणि एकवीस फूट यांतला फरक एक स्टॉपच्या आत असतो. कलाकार मोकळेपणाने फिरू शकतो आणि खोलीत एकही स्टँड नसतो. नवी मुंबईत सिडकोची जुनी बैठी आणि दुमजली घरं याला फार चांगली, वाशी, नेरूळ, ऐरोली कुठेही. बेलापूरचं आर्टिस्ट्स व्हिलेज चार्ल्स कोरिया यांनी छोट्या अंगणांभोवती घरं गुंफून वसवलं. तिथे एखादं घर मिळालं तर अंगणातला नैसर्गिक उजेडच तुमचे दोन दिवे वाचवेल. जागा नीट निवडली की भाड्याची यादी निम्मी होते. याच निम्म्याबद्दल मी सुरुवातीला बोललो.

वीज. इथे मी जास्त थांबणार आहे.

एलईडी म्हणजे विजेचा प्रश्न नाही, असं बऱ्याच जणांना वाटतं. ३०० वॉटचा दिवा प्रत्यक्षात ३५० च्या आसपास ओढतो. घरातला साधा ६ अँपिअरचा प्लग जास्तीत जास्त १३८० वॉट सोसतो, एसी-गिझरचा १६ अँपिअरचा ३६८०. म्हणजे साध्या प्लगवर तीन दिवे आणि मॉनिटर लागला की तुम्ही काठावर आलात. त्यात जुन्या घरात हॉल आणि बेडरूमचे सगळे प्लग बऱ्याचदा एकाच एमसीबीवर, म्हणजे भार वाढला की आपोआप पडणाऱ्या एकाच स्विचवर असतात. भिंतीवर पाच प्लग दिसतात, म्हणून पाच वेगळ्या लाइनी आहेत असं समजू नका. आमचा माणूस जागा बघायला येतो तेव्हा तो आधी मीटरचा बोर्ड उघडतो, एकेक एमसीबी पाडतो आणि कुठला प्लग कुठल्या लाइनीवर आहे ते चिकटपट्टीवर लिहून प्लगला लावतो. अर्ध्या तासाचं काम आहे. ते केलं नाही तर कुणीतरी चहासाठी इंडक्शन लावतो आणि सर्वात चांगल्या टेकच्या मधोमध अंधार होतो.

अर्थिंग तपासा. तीन पिनांचा प्लग आहे म्हणजे मागे अर्थ जोडलेला आहे, असं नसतं. वीज गळली की लाइन तोडणारा ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी बोर्डात नसेल तर आमच्या पेटीत असतो, तो मधे लावायचा. वायरचं रीळ पूर्ण उलगडायचं, गुंडाळलेल्या वायरीवर भार टाकला की ती आतून तापते आणि वरचं प्लास्टिक वितळेपर्यंत कुणाला कळत नाही. जोड जमिनीवर ठेवायचे नाहीत, विशेषतः पावसाळ्यात. विटेवर ठेवायचे आणि वरून प्लास्टिक बांधायचं, बांधताना तोंड खाली ठेवायचं म्हणजे पाणी आत साचत नाही.

माझ्या हातून झालेली एक चूक सांगतो, कारण त्यातून तुम्हाला कळेल की मी याबद्दल इतका हट्टी का आहे. रबाळ्याला एका बंद गाळ्यात रात्रीचं काम होतं, जनरेटर व्हॅनवर, थ्री फेज, म्हणजे तीन लाइनींची वीज. मला उशीर झाला होता, दिग्दर्शक घाई करत होते, आणि मी वितरणाच्या पेटीतले नट हाताने तपासले नाहीत. न्यूट्रलचा, म्हणजे तिन्ही फेजना सामाईक असलेल्या परतीच्या वायरीचा नट सैल होता. मध्यरात्री तो सुटला. थ्री फेजमध्ये न्यूट्रल गेला की ज्या फेजवर भार कमी, त्यावरचा व्होल्टेज २३० वरून चढायला लागतो आणि पार ४०० च्या दिशेने जातो. दोन दिव्यांचे अडॉप्टर फुटले, मॉनिटर जळला, आणि एका पोराने जळका वास आला म्हणून धातूच्या पेटीला हात लावला. अर्थ नीट होता म्हणून तो वाचला. त्या दिवसापासून पेटीचा प्रत्येक नट मी स्वतः पान्याने आवळतो, मगच पहिला दिवा लागतो. कुणी कितीही ओरडलं तरी. तुमच्या शूटवर जो कोणी गॅफर असेल त्याने असं करताना वेळ घेतला, तर त्याला घाई करू नका.

फ्लॅटच्या शूटला व्हॅन लागणार नाही. रात्रीच्या रस्त्यालाही तुम्ही दिवे कमी केलेत तर बॅटरीवर निभावेल. व्हॅन घेतलीत तर तिच्याबरोबर येणारा ऑपरेटर मात्र वजा करू नका, आणि व्हॅन कॅमेऱ्यापासून किती लांब उभी राहू शकते ते आवाजवाल्याला विचारा.

येऊरबद्दल स्पष्ट बोलतो, तिथे करू नका. येऊरचं जंगल म्हणजे संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाचाच भाग. वनखात्याच्या परवानगीशिवाय तिथे चित्रीकरण होत नाही, आणि रात्री बिबट्याच्या वाटेवर प्रखर दिवे लावून माणसं उभी करणं हे प्राण्यांसाठीही वाईट आणि तुमच्या पोरांसाठीही. पडद्यावर तुम्हाला काय हवंय? झाडी, ओला रस्ता, एक स्कूटर. हे सगळं खासगी जागेतल्या आतल्या रस्त्यावर मिळतं, एखाद्या जुन्या कारखान्याच्या आवारात किंवा मोठ्या सोसायटीच्या मागच्या बाजूला. सार्वजनिक रस्ता हवाच असेल तर परवानगी, पोलीस आणि वाहतूक हे सगळं लेखी लागेल. राज्यात चित्रीकरणाच्या परवानग्यांसाठी एक खिडकी व्यवस्था आहे, ती गोरेगावच्या चित्रनगरीचं महामंडळ चालवतं. अर्ज आधी करा, आदल्या आठवड्यात नको.

रात्रीच्या रस्त्याला नवे लोक हमखास एक चूक करतात, खूप दिवे मागतात. अंधार काळाच राहू द्या. मागून, उंचावरून एक दिवा, जरा निळसर किंवा रस्त्यावरच्या दिव्यासारखा. तो कडेने झाडं आणि माणसं कोरून काढतो. रस्ता पाणी मारून ओला केला की तोच दिवा जमिनीवर दुसऱ्यांदा दिसतो. समोरून चेहऱ्याला एक छोटी ट्यूब, कमीत कमी उजेडावर. झालं. पण मागचा उंच दिवा बारा-पंधरा फुटांवर असतो, त्याच्या स्टँडच्या पायांवर वाळूच्या पिशव्या लागतात, आणि त्या स्टँडपाशी एक माणूस सतत लागतो. सतत म्हणजे जेवणाच्या वेळीही. गर्दीतून एखादं मूल धावत आलं आणि वायरीत पाय अडकला तर दिवा कुणाच्या डोक्यावर येईल, याची कल्पना करा. आम्ही सामान घेऊन चालताना "बाजू, बाजू" ओरडतो आणि दिवा पेटवण्याआधी आवाज देतो, ते याचसाठी.

वाऱ्याबद्दलही सांगून ठेवतो. तुम्ही दिवसा बाहेर काही करणार असाल, विशेषतः मेमध्ये, तर १२ बाय १२ चा स्किमर, म्हणजे ऊन मऊ करणारं चौकटीवरचं कापड मागाल. मेच्या मध्याला आपल्याकडे भर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो, खांबाची सावली नाहीशी होते, आणि माणसाच्या डोळ्यांच्या खोबण्या काळ्या पडतात. तेव्हा वरून कापड हवंच. पण १२ बाय १२ फूट म्हणजे जवळजवळ साडेतेरा चौरस मीटरचं शीड. ताशी ३६ किलोमीटरचा वारा अशा कापडावर समोरून आदळला तर ऐंशी किलोच्या आसपास जोर लागतो. खाडीच्या बाजूला, कोलशेतला किंवा पाम बीच रोडकडे, दुपारनंतर वारा वाढतो. चार कोपऱ्यांना चार दोर आणि चार माणसं नसतील तर तो स्किमर उभाच करू नये. तीन माणसं असतील तर ६ बाय ६ घ्या आणि शॉट जवळचा करा. चौथा लाईटमन कमी करायचा असेल तर तो असा, आधी काम कमी करून.

ग्रिपचं काम लोकांना सर्वात कमी कळतं. तुमच्या यादीत ट्रॅक-ट्रॉली (रुळांवरची कॅमेऱ्याची गाडी) आहे आणि जिमी जिबही (कॅमेरा वर-खाली नेणारा लांब दांडा) आहे. जिब काढून टाका. वन बीएचकेमध्ये तो फिरायला जागा नाही, आणि रात्रीच्या रस्त्यावर त्याला वेगळी तीन माणसं लागतील. तरीही कुणाच्या आग्रहाने आणलातच तर एवढं पाठ करा. जिबच्या एका टोकाला कॅमेरा असतो आणि दुसऱ्या टोकाला त्याला तोलणारी वजनं. कॅमेरा उतरवायचा असेल तर आधी वजनं उतरतात, मग कॅमेरा. उलट केलं तर कॅमेऱ्याचं टोक झटक्यात वर उसळतं आणि वजनाचं टोक खाली येतं. खाली त्या क्षणी कुणाचं डोकं असेल, ते सांगता येत नाही. ज्या क्रेनवर माणूस बसतो तिथेही तेच. ग्रिपने "उतर" म्हटल्याशिवाय उतरायचं नाही, फोन आला म्हणून तर मुळीच नाही.

ट्रॅक-ट्रॉली ठेवा. घराच्या फरशीला बाथरूम किंवा गॅलरीकडे उतार असतो, तो डोळ्याला दिसत नाही, कॅमेऱ्याला दिसतो. ग्रिप पाणसळ ठेवून, रुळाखाली लाकडी पाचरी सारून उतार काढतो. रुळावर टाल्कम पावडर टाकतो, म्हणजे चाकं करकरत नाहीत. मग तो कलाकाराच्या पावलाबरोबर ट्रॉली ढकलतो. तुमच्या शॉटमध्ये मुलगी दारातून येते आणि आईपाशी थांबते. तिथे ट्रॉली तिच्या थांबण्याच्या किंचित नंतर थांबायला हवी, आधी थांबली तर डोळ्याला खटकतं. माझ्या ओळखीत एक ग्रिप आहेत, वय साठीच्या आसपास, ते टेकच्या आधी कलाकाराला एकदा चालून दाखवायला सांगतात आणि स्वतः डोळे मिटून पावलं मोजतात. मी अजून त्यांची एकही ट्रॉली चुकलेली पाहिलेली नाही. गिंबलने, म्हणजे कॅमेरा हातात स्थिर ठेवणाऱ्या यंत्राने यातलं बरंच होतं असं तुम्ही म्हणाल. होतं. पण दिवसभर गिंबल हातात धरणाऱ्याचे खांदे चारनंतर बोलायला लागतात, आणि तोच शॉट सातव्या टेकला पहिल्यासारखा येत नाही.

एक छोटी तांत्रिक गोष्ट, कारण ती नेहमी राहून जाते. आपली वीज ५० हर्ट्झची. घरातल्या स्वस्त एलईडी बल्ब-ट्यूबा सेकंदाला शंभर वेळा लपलपतात. सेकंदाला २५ फ्रेमवर शटर १८० अंश ठेवा, २४ वर करणार असाल तर १७२.८ अंश. दोन्हीत प्रत्येक फ्रेम एक पन्नासांश सेकंद उजेड घेते आणि लपलप पकडली जात नाही. स्लो मोशन ५० वर करा, ६० वर नको. सोसायटीच्या जिन्यातल्या आणि लिफ्टमधल्या दिव्यांची चाचणी आदल्या दिवशी घ्या.

आता माणसं किती. फ्लॅटच्या दोन दिवसांना एक गॅफर, दोन लाईटमन, एक ग्रिप. कॅमेऱ्याबरोबर येणारा अटेंडंट एकच मागा, दुसरा तुमचा मित्र होऊ शकतो, फक्त त्याने बॅटऱ्या चार्ज करणं आणि कार्ड सांभाळणं एवढंच करायचं, दुसऱ्या कुठल्या कामाला हात लावायचा नाही. रात्रीच्या दिवसासाठी आणखी दोन लाईटमन. तुमच्या आठ मित्रांतले तिघं सामान चढवायला-उतरवायला आणि गर्दी आवरायला फार उपयोगी पडतील, पण वीज आणि उंची यांना त्यांनी हात लावायचा नाही. हा नियम पहिल्या सकाळी सगळ्यांसमोर बोलून टाका.

दिव्यांची यादी अशी ठेवा. ३०० वॉटचा एक, त्याच्याच जोडीला ६० वॉटचा एक, दोन चार-फुटी ट्यूब, एक छोटा बॅटरीवरचा. जे पैसे वाचतील त्यांत कटर, नेट, ४ बाय ४ च्या दोन फ्रेमा, पांढऱ्या शीट, भरपूर काळा कपडा, सहा सी-स्टँड आणि वाळूच्या दहा पिशव्या घ्या. भाडेवाला म्हणेल, एवढ्या स्टँडला दिवे कुठेत? त्याला सांगा, दिवे नाहीत म्हणूनच स्टँड हवेत.

पैशांबद्दल. आमची शिफ्ट बारा तासांची धरली जाते, पण लाईट आणि ग्रिप सर्वांत आधी येतात आणि सर्वांत शेवटी जातात. तुमचा पहिला शॉट नऊला असेल तर आम्ही साडेसातला गाडी उतरवत असतो. तुम्ही नऊला पॅकअप म्हणालात तर आमचं पॅकअप साडेदहाला. शिफ्ट त्याप्रमाणे मोजा, आणि जास्तीचे पैसे किती ते आधीच कागदावर लिहा. सिने-कामगारांसाठी १९८१ साली केंद्राने कायदा केला तेव्हा त्यात लेखी कराराची अट घातली होती. छोट्या कामांत तो कागद आजही क्वचितच दिसतो. तुम्ही सुरुवात करा, एक पानही पुरे. तारीख, वेळ, रक्कम, प्रवासाचे पैसे, कधी मिळणार.

रात्री शेवटची लोकल गेल्यानंतर सोडणार असाल तर गाडी द्या. लाईटमन टिटवाळ्याला, दिवा स्टेशनजवळ, नालासोपाऱ्याला राहतात. रात्रभर जागलेल्या पोराला ठाणे स्टेशनवर पहिल्या गाडीची वाट बघत बसवू नका, आणि त्याच दिवशी दुपारी परत बोलावू नका. झोप झाली नसेल तर नट आवळायचा राहतो. जेवण वेळेवर आणि सगळ्यांना एकच. आणि कृपा करून "ए लाईट" म्हणून हाक मारू नका. सकाळी नाव विचारा आणि नावाने बोलवा, वयाने मोठा असेल तर दादा म्हणा. ज्या माणसाच्या हातात कलाकाराच्या डोक्यावरचा दिवा आहे, त्याचं नाव दिग्दर्शकाला माहीत असायला हवं.

शेवटी, या आठवड्यात काय करायचं ते. गॅफरला शूटच्या दिवशी पहिल्यांदा भेटू नका. जागा बघायला जाल तेव्हा त्याला अर्ध्या दिवसाचे पैसे देऊन बरोबर न्या, ज्या वेळी शॉट घेणार त्याच वेळी. खोल्यांची मापं, खिडक्यांच्या दिशा आणि मीटरच्या बोर्डाचा फोटो घ्या. नवीन जागा ठरली की हे सगळं मला पाठवा, मी त्यावर दिव्यांची खूण करून देतो. आणि बोर्डाचा फोटो काढताना झाकण उघडून काढा, नुसत्या झाकणाचा फोटो काही सांगत नाही.